वॉल्टचा कोच

१४ सप्टेंबर २०१६, बुधवार
शेजारचा म्हातारा आज पुन्हा आमच्या ड्राइव्हवेवर येऊन उभा राहिला. पाय फाकवून, गुडघे किंचित मोडून, हात सैल. संजू कामावर निघताना म्हणाला, लक्ष देऊ नका बाबा, ही इज हार्मलेस. पण मी दिलंच. सारी नोकरी इस्लामपूरच्या शाळेत पोरांना कबड्डी शिकवण्यात गेली, त्यामुळे मला माणसाचे आधी पाय दिसतात, चेहरा नंतर. हे पाय खेळाडूचे. ऐंशीच्या पुढचा असेल, पण जमीन धरून उभा होता.

रेवाला विचारलं. "दॅट्स वॉल्ट, आजोबा. ही युज्ड टु बी फेमस." आठ वर्षांची नात. मी मराठीत विचारतो, ती इंग्रजीत उत्तर देते, आमचं बरं चाललंय.

थोड्या वेळाने त्याची बायको आली, त्याचा दंड धरून हळूच घेऊन गेली. जाताना मला सॉरी म्हणाली. कशाबद्दल, कळलं नाही.

१८ सप्टें., रविवार
शेजारी कॉफीला बोलावणं. बाईंचं नाव हेलन. बारीक, ताठ, बोलताना कायम एक डोळा नवऱ्यावर. मी गावाकडे कबड्डीचा कोच होतो असं रेवाने तिला आधीच सांगून ठेवलेलं.

बेसमेंटमध्ये भिंतभर फोटो. वॉल्ट इथल्या टीमचा पुढच्या ओळीतला गडी, एकोणीसशे पन्नासच्या दशकातला. मूळचा अमेरिकेचा, पेनसिल्व्हेनियातल्या कोळशाच्या गावचा. बाप खाणीत. तिकडच्या टीमने ठेवला नाही, इथल्या हॅमिल्टनच्या टीमने घेतला. उन्हाळ्यापासून नोव्हेंबरपर्यंत फुटबॉल, आणि हिवाळाभर स्टील प्लांटच्या भट्टीवर काम. बहुतेक सगळ्यांचं तसंच असे, हेलन म्हणाली.

त्यांचा फुटबॉल म्हणजे आपला नव्हे. पायाने खेळणं कमीच, अंगावर जाणं जास्त. पुढच्या ओळीतल्या गड्याला तर बॉल हाताला लागतही नाही. दोन ओळी समोरासमोर वाकून बसतात, एक हात जमिनीला. इशारा झाला की समोरच्यावर तुटून पडायचं. एवढंच काम, पुनःपुन्हा, वर्षानुवर्षं. एका फोटोत वॉल्टच्या हेल्मेटला पुढे जाळीसुद्धा नाही. समोरचे दोन दात नाहीत आणि हसतोय मात्र मस्त.

मी म्हटलं, आमच्याकडे कोपऱ्यात उभा राहून पकड करणारा असतो, तसा हा. तिला काय समजणार. पण वॉल्ट माझ्याकडे टक लावून बघत होता.

२५ सप्टें., रविवार
वॉल्टने आज मला "कोच" म्हटलं. हेलन हसली, मीही हसलो. मग तो उठून ताठ उभा राहिला आणि विचारलं, "कोच, मी परत आत जाऊ?"

मला काय सुचलं कोण जाणे. म्हटलं, नको, तू आज खूप खेळलास, बस. तो लगेच बसला. हेलनचं हसू थांबलं. म्हणाली, माझं तो दिवसातून एकदाही ऐकत नाही.

नंतर ओट्यापाशी तिने सांगितलं. डोक्याला मार बसला की बाहेर काढायचे, नाकाशी उग्र वासाची बाटली धरायची, डोळ्यासमोर बोटं धरून किती ते विचारायचे. उत्तर जवळपास आलं की परत आत. एकदा मोठी मॅच जिंकून बसने येताना वॉल्टने शेजारच्याला विचारलं, जिंकलं कोण? सगळी बस हसली. तो किस्सा पुढे प्रत्येक पार्टीत तो स्वतःच सांगायचा. "आता आम्ही तो सांगत नाही," हेलन म्हणाली.

तेव्हा कुणाला ठाऊक होतं. हल्ली पेपरात येतं अशा खेळाडूंच्या मेंदूबद्दल. त्यांचा मुलगा कॅल्गरीला असतो, तो कात्रणं पाठवतो. हेलन न वाचता ठेवून देते.

१० ऑक्टोबर, सोमवार
थँक्सगिव्हिंगची सुट्टी. जेवायला आम्ही सगळेच वॉल्ट-हेलनकडे. टर्की मला जमत नाही, बटाटा आणि भोपळ्याचा गोड पाई खाल्ला. वॉल्ट फॉर्मात. रेवाला नाण्याची जादू करून दाखवली, अश्विनीच्या नोकरीची चौकशी केली. सूनबाई इथल्या एका हॉस्पिटलमध्ये फिजिओथेरपिस्ट आहे. परतताना म्हणाली, मेमरी गेलीय थोडी, पण स्वभाव किती गोड. संजूलाही तसंच वाटलं.

त्यांनी पाहिलं नाही ते मी पाहिलं. टीव्हीवर मॅच लागली तसा वॉल्ट गप्प झाला. खुर्चीतून पुढे सरकत सरकत एका हाताची मूठ गालिच्यावर टेकवली. नजर बदलली. हेलनने झटकन टीव्ही बंद केला, तर त्याने तिचं मनगट धरलं. धरलं म्हणजे सहज नव्हे. पकड कशी असते ते मला कळतं. बाकीचे तेव्हा कोट घालत होते.

तिची बाही वर गेली तेव्हा जुने डाग दिसले, पिवळे पडत आलेले. बेसमेंटच्या पायऱ्यांवर पडले, असं मी न विचारताच सांगितलं तिने.

झोप लागेना.

१२ ऑक्टो., बुधवार
काल दसरा. आपट्याची पानं कुठली इथे, मेपलची वाटली. हेलनलाही दिलं एक. आज ते पान हातात धरूनच आली, मी घरी एकटा आहे हे पाहून.

पायऱ्यांवर पडलेली नाही, म्हणाली. रोज होत नाही. सकाळी तो तिचा वॉल्टच असतो, पेपर वाचतो, थट्टा करतो. उन्हं कलली की कुठेतरी जातो आणि मग समोर येईल तो दुसऱ्या टीमचा. नंतर त्याला काही आठवत नाही, डाग बघून तिलाच विचारतो, कुणी केलं हे?

मी म्हटलं, मुलाला सांगा, डॉक्टरला सांगा. तिने मान हलवली. सांगितलं की त्याला घेऊन जातील. ओळखीतल्या एकाला असंच नेलं, औषधं देऊन खुर्चीत झोपवून ठेवलं, नाताळच्या आत संपला. "तो माझ्या घरात मरेल," म्हणाली. आणि मग, तुझी सून हॉस्पिटलमध्ये आहे, तिला कळता कामा नये. वचन दे.

दिलं. एवढी ताठ बाई समोर रडत असताना दुसरं काय करणार होतो? 

ठरलं असं की उन्हं कलली की तिने फोन करायचा आणि मी जायचं. कोच म्हणून.

२० ऑक्टो., गुरुवार
रोज जातो. घरी वाटतं म्हाताऱ्याला दोस्त मिळाला. संजू खूश, बाबांचं मन रमलं.

माझा आवाज ऐकला की वॉल्ट शांत होतो. बस म्हटलं की बसतो, पाणी पी म्हटलं की पितो. खरं सांगायचं तर छाती फुगते. माझ्या शाळेतल्या कार्ट्यांनी माझं इतकं कधी ऐकलं नाही. हेलनच्या घरात मला मान आहे. संजूच्या घरात मी प्रेमाने ठेवलेलं सामान आहे, डिशवॉशरला हात लावू नका, थर्मोस्टॅटला लावू नका. इथे मात्र मी गेलो नाही तर अडतं.

आज हेलनकडून त्याच्या शेवटच्या दोन मॅचेसचं ऐकलं. मार खाऊन बाहेर आला आणि जाऊन बसला समोरच्या टीमच्या बाकावर. त्यांनी टॉवेल दिला, पाणी दिलं, पाठ थोपटली. पुढच्या आठवड्यात पुन्हा तसंच. मग मॅनेजरने बोलावून हात मिळवला आणि लॉकर रिकामं करायला सांगितलं. तिशी नुकती ओलांडली होती. कुणी डॉक्टरकडे नेलं नाही. सोमवारी भट्टीवर हजर, आणि मग निवृत्तीपर्यंत तिथेच. हेलन म्हणते, बाकावरचं मला त्याने कधी सांगितलं नव्हतं, मी स्टँडमध्ये होते म्हणून कळलं.

३१ ऑक्टो., सोमवार
पाडवा, आणि यांचा हॅलोवीन. दोन्ही एकाच दिवशी आले.

लिहायला बसवत नाही. श्वास घेतला की उजवी बाजू दुखते. तरी लिहितो, नाहीतर उद्या मी मलाच वेगळं सांगेन.

संध्याकाळी रेवा मांजर झाली होती. कान, शेपटी, मिशा. सकाळी घरात सगळ्यांच्या पाया पडली होती, मी शिकवलंय, माझा त्याबाबत हट्टच आहे. कँडी मागायला निघाली तर म्हटलं, आधी वॉल्ट-हेलनकडे फराळ देऊ. संजू मागे गाडी लावत होता, मी आणि ती पुढे.

रस्ताभर पोरंच पोरं, आरडाओरड, शिट्ट्या, मुखवटे. हेलनने दार उघडलं, तिच्या हातात कँडीचं भांडं. वॉल्ट तिच्या मागे जिन्यापाशी उभा. रेवाला ओळखून हसला. आत शिरल्यावर मी रेवाला म्हटलं, त्यांच्या पाया पड, मोठे आहेत.

ती वाकली.

बाहेर पोरांनी कल्ला केला आणि वॉल्टच्या समोर कुणीतरी वाकलेलं. डोकं खाली, हात जमिनीकडे. त्याची नजर बदलली. तोही खाली गेला, मूठ जमिनीला टेकली, एवढ्या वयात इतका झपकन. मी "वॉल्ट, बस" ओरडलो. ऐकलं नाही. पहिल्यांदाच.

मी मध्ये गेलो. बाजूने कमरेला मिठी घालायला, जसं पोरांना शिकवायचो. पण मी सदुसष्टचा आणि तो दरवाजाएवढा. खांदा बसला माझ्या बरगडीत आणि दोघे कोटांच्या स्टँडवर. रेवाला साधा ओरखडा नाही. भिंतीला चिकटून उभी होती, रडत नव्हती. रडली असती तर बरं झालं असतं.

वॉल्ट आधी उठला. हसत मला हात दिला. "गुड हिट," म्हणाला.

वाकलेल्या माणसावर त्या ओळीतल्या गड्याची नजर कशी जाते, हे या गल्लीत मला एकट्याला ठाऊक होतं. आणि मीच तिला वाकायला लावलं.

१ नोव्हेंबर, मंगळवार
भाऊबीज. सगळ्यांना सांगितलं, हेलनच्या पायरीवरून घसरलो. काल संजू आला तेव्हा हेलनही तेच म्हणाली, सराईतपणे. मला तिची दया आली आणि भीतीही वाटली.

रेवाला रस्त्यातच सांगितलं होतं, बोलू नकोस, वॉल्टला त्रास होईल. तिने फक्त विचारलं, "इज इट अ सीक्रेट ऑर अ लाय?" मी म्हटलं सीक्रेट. आठ वर्षांची आहे, फसली नाही.

अश्विनीने बरगडी दाबून पाहिली. एक्स-रे काढून आणला, एका बरगडीला तडा. पायरीवरून पडलेला माणूस हातावर पडतो, बाबा, म्हणाली. माझ्या हातांकडे बघत राहिली. मी उडवाउडवीचं काहीतरी बोललो आणि कूस बदलली. तीही कळ लागून.

६ नोव्हें., रविवार
घड्याळं एक तास मागे घेतली. आता पाचलाच अंधार. हेलनला याचीच धास्ती होती, तास वाढला म्हणाली. त्याचा तास.

फोन आला, गेलो. कूस धरून, कमरेत वाकून चालावं लागतं अजून. वॉल्टने दारातून मला पाहिलं आणि हेलनला विचारलं, हा कोण? मी कोच, म्हटलं. त्याने नीट निरखलं. आमचा कोच असा वाकत नाही, म्हणाला, आणि एक पाऊल पुढे आला.

हेलन मध्ये उभी राहिली. मला जा म्हणाली, डोळ्यांनीच. मी गेलो. एका ऐंशीच्या बाईला पुढे करून निघून आलो. दाराबाहेर बराच वेळ उभा होतो. आतून आवाज आला नाही. आला असता तर मी काय केलं असतं, हेही सांगता येत नाही.

८ नोव्हें., मंगळवार
सकाळी वॉल्ट एकदम ठीक. मला बघून आनंदला, बरगडीला काय झालं म्हणून हळहळला. आमच्या वेळी आम्ही पट्टी बांधून खेळायचो, म्हणाला.

तो पेपर वाचत असताना हेलनने मला वर नेलं. शिवणाच्या खोलीत पलंग टाकलाय तिने स्वतःसाठी. दाराला आतून कडी लावून दे, म्हणाली. स्क्रू-ड्रायव्हर तयार होता. लावली. लावून ओढून पाहिली. त्या खांद्यापुढे ही कडी म्हणजे काहीच नाही, माझ्या शाळेतल्या सातवीच्या पोरानेही उडवली असती. तिला तसं बोललो नाही. छान बसली म्हटलं. तिने थँक यू म्हणून गालावर हात ठेवला. हात गार होता.

आता हे वचन आहे की पाप आहे, मला कळेनासं झालंय.

१३ नोव्हें., रविवार
फुटलं सगळं.

गावाकडून माझ्या धाकट्या भावाचा व्हिडिओ कॉल. रेवा, काकाआजोबांना नमस्कार कर. नुसते हात जोडायचे होते. ती एकदम म्हणाली, नो, आणि खोलीत जाऊन दार लावून घेतलं. अश्विनी तासभर आत बसली. बाहेर आली तेव्हा तिला सगळं माहीत झालं होतं. रेवा आईला विचारत होती म्हणे, मी वाकले म्हणून वॉल्टला शिक्षा होणार का?

अश्विनी ओरडली नाही. ओरडली असती तर चाललं असतं. "बाबा, माझ्या मुलीच्या अंगावर माणूस धावून गेला आणि तुम्ही तिला गप्प राहायला सांगितलंत. दोन आठवडे." संजू खाली मान घालून बसला होता, लहानपणी मी त्याला रागवायचो तेव्हा बसायचा तसा. फक्त या वेळी चूक माझी.

मी म्हटलं, वचन दिलं होतं. ती म्हणाली, कुणाला? ज्या बाईला कुणीतरी वाचवायला हवंय तिलाच ना?

 उद्या ती फोन करणार आहे, घरी येऊन तपासणाऱ्या लोकांना. हेलनला मीच सांगायचं, एवढं मागून घेतलं.

१५ नोव्हें., मंगळवार
सांगितलं. सकाळचीच वेळ धरली. वॉल्ट खिडकीत ऊन घेत होता.

हेलनने मला बस म्हटलं नाही. ऐकून घेतलं, मग ओट्यावरचं फडकं घडी करून ठेवलं. कितीतरी वेळा घडी केली. "यू गेव्ह मी युअर वर्ड." एवढंच. मी रेवाचं सांगितलं, बरगडीचं, कडीचं. दार दाखवलं तिने. वॉल्टने खिडकीतून हात केला, सी यू, कोच. आज ओळखलं.

संध्याकाळी तिचा फोन आला नाही. 

१७ नोव्हें., गुरुवार
अश्विनी म्हणाली, त्या लोकांनी मनावर घेतलं, मंगळवारी एक बाई येतेय. वॉल्टशी बोलेल, घर बघेल, मग ठरेल मदतनीस द्यायचा, औषध बदलायचं की हलवायचं. मला हायसं वाटलं. किती वाजता, विचारलं. सकाळी दहा. वेळ हेलननेच मागून घेतली म्हणे.

सकाळी दहाला वॉल्ट दाढी करून बसलेला असतो. त्या बाईला फोटो दाखवेल, नाण्याची जादू करेल, तिच्या मुलांची नावं विचारेल. हेलनची बाही मनगटापर्यंत असेल. बाई कॉफी पिऊन खूश होऊन जाईल.

अश्विनीला म्हटलं, संध्याकाळी यायला सांग. विचारलं तिने. त्यांची वेळ चारपर्यंत. तिने सगळं लिहून कळवलंय, त्याउपर तिच्या हातात काही नाही. कॅल्गरीच्या मुलालाही फोन केला. तो म्हणाला, आई म्हणते शेजारी गैरसमज करून घेतायत.

माझं तिकीट रविवारचं. पुतणीचं लग्न, कधीचं ठरलेलं. संजू म्हणतो, बाबा, थांबून तरी तुम्ही काय करणार? खरं आहे. मला आता तो कधी ओळखतो, कधी नाही.

२० नोव्हें., रविवार
आज निघायचं. कालपासून वारा सुटलाय आणि बर्फाची भुरभुर. बॅगा दाराशी. रेवा सगळ्यांसारखं करावं म्हणून पाया पडायला आली, मी तिला वाकण्याआधीच वर उचलली. बरगडीत चमक आली, आली तर आली. खांद्यावर डोकं ठेवून रडली एकदाची.

दुपार कलताना हेलन मागच्या अंगणात दिसली, दोरीवरचं फडकं काढताना. कोट न घालताच गेलो कुंपणापाशी. इतक्या दिवसांनी बोलणार म्हणजे काय बोलावं. म्हटलं, मंगळवारी त्या बाईला खरं सांगा. संध्याकाळचं सांगा. तुम्ही नाही सांगितलंत तर कुणाला कळणार नाही.

तिने फडकं हातावर घेतलं. गळ्यापाशी नवा डाग होता, स्कार्फ वाऱ्याने सरकल्यामुळे दिसला. मी पाहिला हे तिनेही पाहिलं, आणि झाकायची घाई केली नाही.

"वॉल्टने समोर उभ्या नसलेल्या माणसाला जन्मात कधी धक्का दिला नाही," म्हणाली. शांतपणे, अभिमानाने म्हणावं तसं.

मग आता घरात त्याच्यासमोर कोण उभं असतं, विचारलं मी.

 आतून वॉल्टने हाक मारली, तिच्या नावाने नव्हे, एका पुरुषाच्या नावाने. मी ते नाव कधी ऐकलं नव्हतं. तिला ते रोजचं असावं, कारण तिने त्या नावाला ओ दिली आणि आत गेली.